आयआरआर: नमपाय-फायनान्शियल घ्यावं की व्हिज्युअल बेसिकचं?

परताव्याचा अंतर्गत दर, म्हणजे आयआरआर, हा असा दर, की ज्याने प्रकल्पात गेलेल्या आणि आलेल्या सगळ्या रकमांचं आजचं मूल्य मिळून शून्य होतं. तो काढायला पायथन भाषेतली नमपाय-फायनान्शियल ही लायब्ररी आणि मायक्रोसॉफ्टची व्हिज्युअल बेसिक भाषा, दोन्हीकडे तयार फंक्शन आहे. मी दोन्ही वापरली आहेत. साध्या प्रकल्पात, म्हणजे सुरुवातीला पैसे गेले आणि पुढे येत राहिले अशा ठिकाणी, उत्तरात फरक पडत नाही. तेवढंच काम असेल तर हाताशी असेल ते घ्या.

नमपाय या पायथनच्या गणिती लायब्ररीतली आर्थिक फंक्शनं 1.20 आवृत्तीत काढून टाकली, आता नमपाय-फायनान्शियल वेगळं बसवावं लागतं. त्याची मोठी सोय अशी, की सुरुवातीचा अंदाज, म्हणजे ज्या दरापासून शोध सुरू करायचा तो, द्यावा लागत नाही. ते रकमांपासून बनणाऱ्या बहुपदीची मुळं काढतं आणि शून्याच्या सर्वांत जवळचा दर देतं. उणे 100, 230, उणे 132 या रकमांच्या प्रवाहाला (उणे म्हणजे खर्च) 10 आणि 20 टक्के अशी दोन्ही उत्तरं लागू पडतात. नमपाय-फायनान्शियलमध्ये 10 मिळतं. व्हिज्युअल बेसिकमध्ये अंदाज 0.2 दिलात तर 20 मिळेल. न दिल्यास तो 0.1 धरला जातो. मासिक हप्त्यांसाठी दरमहा 10 टक्के ही फारच लांबची सुरुवात आहे, तिथे मी 0.01 देतो. व्हिज्युअल बेसिकचं हे फंक्शन सी शार्प या दुसऱ्या भाषेतून बोलावताना ॲरे, म्हणजे रकमांची यादी, ‘रेफ’ हा शब्द लावून द्यावा लागतो, तेही जरा खटकतं.

एवढं असूनही माझा कौल व्हिज्युअल बेसिककडे झुकतो, आणि त्याचं कारण आहे नॅन, म्हणजे ‘ही संख्या नाही’ असं सांगणारं मूल्य.

समजा तीन प्रकल्प आहेत. दोघांचे दर 8 आणि 12 टक्के. तिसऱ्यात 100 घातले आणि काहीच परत आलं नाही. त्या तिसऱ्याला नमपाय-फायनान्शियल मुकाट नॅन देतं. पुढे पांडाज या पायथनच्या तक्ते हाताळणाऱ्या लायब्ररीत सरासरी काढली की नॅन आपोआप वगळला जातो आणि उत्तर येतं 10 टक्के. सगळे पैसे बुडवणारा प्रकल्पच हिशेबातून गायब! आकडा इतका सरळ दिसतो की कुणाला शंकाही येत नाही. व्हिज्युअल बेसिकचं फंक्शन अशा वेळी अपवाद (एरर) फेकतं आणि काम तिथेच थांबतं. प्रवाहात किमान एक जमा आणि एक खर्च हवाच, ही त्याची अट आहे. शोधूनही दर सापडला नाही तरीही ते अपवादच फेकतं. त्याचा जाच होतो, पण कोणत्या प्रकल्पात अडलंय ते लगेच कळतं.

नॅनची तपासणी दर वेळी न चुकता करणारा संघ असेल, तर नमपाय-फायनान्शियलही चांगलं चालेल. माझ्या अनुभवात ती तपासणी घाईच्या दिवशीच राहते.

आणखी एक: पडताळणीसाठी एनपीव्ही, म्हणजे दिलेल्या दराने काढलेलं निव्वळ आजचं मूल्य, वापरणार असाल तर पहिली रक्कम नमपाय-फायनान्शियल आजची धरतं, व्हिज्युअल बेसिक पहिल्या कालखंडाच्या अखेरची. उणे 100 आणि 110 ला 5 टक्क्यांनी एकाकडे 4.76 येतं, दुसऱ्याकडे 4.54. आयआरआरवर मात्र दोघांकडेही शून्यच येतं, त्यामुळे ही पडताळणी बिनधास्त करा.