नळदुर्गचा बंधारा: एका फेरीत बघून होत नाही

पाटबंधाऱ्यात कालवा निरीक्षक म्हणून नोकरी गेली. बंधारा दिसला की आधी झिरपा कुठंय ते शोधतो, ती खोड रिटायर होऊनही गेली नाही. म्हणून नळदुर्गच्या किल्ल्यातल्या बंधाऱ्याबद्दलच लिहितो. उपळ्या बुरूज, तोफा यांवर बाकीच्यांनी लिहावं.

बोरी नदीवरचा हा दगडी बांध. अलीकडं नळदुर्ग, पलीकडं रणमंडळ हा जोडकिल्ला, आणि दोन्हींना जोडणारी वाट बांधाच्या माथ्यावरूनच. म्हणजे पाणी अडवलं, पूलही झाला, आणि वर बांधाच्या पोटात पाणी महाल काढला! आज असल्या कामाची तीन इस्टिमेटं झाली असती. काम १६१३ चं, दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या काळातलं.

भादव्यात गेलो तेव्हा नर आणि मादी, जादा पाणी सोडणारे दोन्ही सांडवे चालू होते. जिना उतरून महालात गेलो. खिडकीबाहेर नुसतं पांढरं पाणी कोसळत होतं. शेजारचा काय बोलतो ते ऐकू येईना, चष्मा तुषारांनी भरला. लोक फोटो काढत होते आणि मी भिंतीला तळहात लावून उभा. मंडळी वैतागल्या. "अहो, रिटायर झालात ना? आता तरी पाणी बघा की!" भिंत गार लागली, जराशी ओलसर, पण मी उभा होतो तिथं थेंब काही टपकला नाही. चारशे वर्षं झाली. माझ्याकडच्या चाऱ्या, म्हणजे शेतात पाणी नेणारे छोटे पाट, दुसऱ्यांदा पाणी सोडलं की फुटायच्या.

त्या दिवशी पाण्याचा जोर बघून रणमंडळाचा नाद सोडला. दिवाळीनंतर परत आलो. सांडवे कोरडे, गर्दी नाही, माथ्यावरून निवांत पलीकडं गेलो. मधे थांबून एका अंगाला साठलेलं पाणी आणि दुसऱ्या अंगाला खोल पात्र बघितलं, तेव्हा बांधाची उंची खरी कळली. पाणी बघायचं तर भादवा, बांध बघायचा तर दिवाळीनंतर.

रविवार टाळा. सोलापूर-हैदराबाद हायवेवरून येणाऱ्या गाड्या दुपारी बारापर्यंत सगळी जागा भरून टाकतात. पावसात चपलेवर येऊ नका, दगड शेवाळतात. मी जिन्यात एकदा बसलोच. जेवण घरून न्या. वाटेतल्या एका ढाब्यावर आम्हाला गार भाकरी आणि वर दोन बिसलेरीचं बिल मिळालं, मागितलेल्या नसताना.

पाणी महालातल्या फारसी लेखात म्हणे असं आहे, की हा महाल बघून मित्रांचे डोळे उजळतील आणि शत्रूंच्या डोळ्यांपुढं अंधारी येईल. मंडळींना सांगितलं, तर म्हणाल्या, "आणि कालवा निरीक्षकाचं काय होतं, ते नाही लिहिलं?"

पाचपैकी साडेचार. अर्धा त्या बाटल्यांनी खाल्ला.