हिऱ्याची अंगठी घेतली, चहा भारी पण उत्तर मिळालं नाही

बहिणीच्या साखरपुड्यासाठी लक्ष्मी रोडला गेलो होतो. दुकानाचं नाव टाकत नाही, कारण नंतर अजून दोन ठिकाणी विचारलं तर तिथेही हीच टेप. सर्व्हिस एक नंबर, बसल्या बसल्या चहा, घाई अजिबात नाही, हिऱ्याच्या कडेवर लेझरने कोरलेला नंबर भिंगातून दाखवला आणि म्हणाला सर्टिफिकेटशी जुळवून बघा.

मी विचारलं, हिरा कुठला? "सुरतचा, सर." अहो सुरतेला पैलू पाडतात, जगातल्या दहातले नऊ हिरे तिथेच घासले जातात, पण खाण कुठली? परत सर्टिफिकेट पुढे सरकवलं. त्यावर वजन, रंग, कट सगळं आहे, देशच नाही. बिलाच्या तळाला मात्र मुंगीएवढ्या अक्षरात ओळ, की या मालाचा पैसा युद्धाला गेलेला नाही. "किंबर्लीवाला आहे सर, टेन्शन नाही."

टेन्शन आहे ना. किंबर्ली म्हणजे बंडखोरांच्या युद्धाला पैसा पुरवणारे हिरे बाजारात येऊ नयेत म्हणून देशांनी मिळून ठरवलेली सर्टिफिकेटची पद्धत. तिचा कागद २००३ पासून सुरू झाला पण तो कच्च्या मालाच्या पाकिटाला असतो, एकदा पैलू पडले की पुढे जो तो बिलावर स्वतःच लिहून देतो. ही पद्धत आली कशातून, तर पश्चिम आफ्रिकेतल्या सिएरा लिओनमध्ये १९९१ ते २००२ बंडखोरांनी लोकांचे हात तोडले आणि कोनो भागातले हिरे शेजारच्या लायबेरियातून बाहेर काढले, लायबेरियाच्या खाणीत निघतील त्याच्या कितीतरी पट हिरे बेल्जियममधल्या अँटवर्पच्या हिरेबाजारात 'लायबेरियाचा माल' म्हणून उतरत होते आणि तिथे कोणी हूं का चूं केलं नाही. बंडखोरांना बंदुका पुरवून हिरे घेणारा कोण, तर लायबेरियाचा राष्ट्राध्यक्ष चार्ल्स टेलर, त्याला २०१२ मध्ये ५० वर्षांची शिक्षा झाली. हिरे विकत घेणारे शेठ लोक मात्र बहुतेक निवांत.

आणि खरी गोम किंबर्लीच्या व्याख्येत आहे, त्यात फक्त बंडखोरांचे हिरे वाईट. झिम्बाब्वेत मारांगेला २००८ साली सरकारी सैन्यानेच हेलिकॉप्टरमधून खाणीवरच्या माणसांवर गोळ्या घातल्या, पण सरकार म्हणजे बंडखोर नाही ना, म्हणून २०११ मध्ये तिथल्या मालाला विकायची परवानगी मिळाली. त्याला गिऱ्हाईक सुरतेतलंही होतं.

हे सगळं मी काउंटरवर सांगत बसलो, नवरदेव घड्याळ बघायला लागला, शेवटी बहिणीनेच अंगठी फायनल केली. घडणावळीत थोडं सोडलं त्यांनी. पार्किंग नाही, गाडी लांब लावून चालत या. पाचपैकी तीन स्टार.