‘नादमणी’ दाखवून पैसे उकळणाऱ्या टोळीविषयी

आवाज झाला की आपोआप उजळणारा, बुडालेल्या जुन्या गलबतातून मिळालेला आणि परदेशात कोट्यवधी रुपयांना विकला जाणारा ‘नादमणी’ दाखवून पैसे उकळणारी एक टोळी देवगड आणि राजापूर तालुक्यांच्या किनाऱ्यावर फिरत आहे. आम्हा तिघा भावांचे मिळून सव्वातीन लाख रुपये या टोळीने नेले. इतर कोणाच्या घरी हा मणी पोहोचण्याआधी त्यांची रीत माहीत असावी, यासाठी हे लिहीत आहे.

ही माणसे येतात ती आंब्याचा हंगाम आटोपल्यावर, म्हणजे दलालाकडून पट्टी मिळून बागायतदाराच्या हातात पैसा आलेला असतो तेव्हा. त्यांचा पहिला माणूस परका नसतो. आमच्याकडे तो गावातल्याच एका ओळखीच्या घरचा पाहुणा म्हणून आला, वडीलधाऱ्यांच्या पाया पडला, आईला ‘काकी’ म्हणू लागला, आणि विजयदुर्गासमोरच्या पाण्यात एका खलाशाच्या जाळ्यात काहीतरी विलक्षण आले आहे, एवढेच सांगून दुसऱ्या विषयाकडे वळला. पुढची विचारपूस आपणच करतो.

प्रात्यक्षिक रात्रीच होते, माजघरात, दारे-खिडक्या लावून. लाल फडक्यात गुंडाळलेला, लिंबाएवढा, दुधी रंगाचा गोळा पाटावर ठेवून त्यांनी दिवे मालवले. देवघरातली घंटा वाजली तसा गोळा आतून निळसर उजळला आणि नाद विरत गेला तसा मंद होत विझला. टाळी, शंख, थोरल्या भावाने म्हटलेली आरती, सगळ्यांना त्याने दाद दिली. हा प्रकाश खरा होता, नजरबंदी नव्हती, आणि या फसवणुकीचे सारे बळ त्यातच आहे. कारण जी वस्तू आपण स्वतः टाळी वाजवून उजळवली, तिच्याभोवती रचलेली बाकीची कहाणी तपासावी असे सहसा कोणाला वाटत नाही.

धाकट्या भावाने मणी पुळणीवर नेऊन समुद्राच्या गाजेसमोर धरून पाहू या असे सुचवले, तेव्हा खाऱ्या हवेने त्याची शक्ती उतरते, असे उत्तर मिळाले. चारशे वर्षे समुद्राच्या तळाशी पडून राहिलेल्या (हे त्यांचेच म्हणणे) वस्तूला खारी हवा बाधते, हे ऐकून घरातली मुलेदेखील हसली होती. खरे कारण असे की गाज अखंड असते. तिच्यासमोर तो गोळा विझलाच नसता.

मणी ते विकत नाहीत, ही यातली खरी मेख आहे. परदेशी कंपनी अकरा कोटी देणार, पण त्याआधी शास्त्रीय चाचणी हवी, आणि चाचणीचा खर्च जो उचलेल त्याला चौथा हिस्सा, असा मुद्रांकावर करार होतो. मग नोंदणीचे पैसे, चाचणीचे पैसे, शिशाच्या पेटीचे पैसे अशी मागणी वाढत जाते. पांढरा कोट घातलेला एक ‘शास्त्रज्ञ’ येतो, पेटी सील करतो आणि उघडल्यास किरणोत्सर्ग होईल अशी भीती घालून ती तारण म्हणून आपल्याकडेच ठेवतो. तांब्याच्या भांड्याला तांदूळ चिकटतात असे दाखवून चालणारी ‘राइस पुलर’ची फसवणूक ज्यांनी ऐकली आहे, त्यांना हा साचा ओळखीचा वाटेल.

त्या शास्त्रज्ञाने आमच्यापुढे एक खरी गोष्टही सांगितली. १९३४ मध्ये जर्मनीतील कोलोन विद्यापीठात फ्रेंझेल आणि शुल्टेस या संशोधकांना तीव्र ध्वनिलहरींच्या माऱ्याखाली द्रवातील बुडबुड्यांतून प्रकाश निघत असल्याचे आढळले होते. मात्र त्यासाठी द्रव लागतो, श्राव्यातीत, म्हणजे कानाला ऐकू न येणाऱ्या, ध्वनीचा जोरदार मारा लागतो, आणि मिळणारी चमक सेकंदाच्या एक अब्जांश भागाइतकाही वेळ टिकत नाही. घंटेने उजळणाऱ्या घन मण्याशी तिचा काही संबंध नाही. हिशेबही सोपा आहे. मीटरभर अंतरावरून साधे बोलले तर दर चौरस मीटरवर पडणारी ध्वनीची शक्ती सुमारे एक दशलक्षांश वॅट असते; लिंबाएवढ्या गोळ्याच्या वाट्याला त्यातला पाचशेवा भाग येतो. अंधाऱ्या खोलीत सर्वांना स्पष्ट दिसेल असा एलईडी पेटवायला हजारांश वॅटच्या आसपास शक्ती लागते. ही तफावत पाच लाख पटींची आहे, आणि तीदेखील सगळा ध्वनी एकही कण वाया न जाता प्रकाशात बदलला असे धरून.

टोळीचे फोन बंद झाल्यावर आम्ही पेटी उघडली. रेझिनच्या गोळ्याला बुडाशी मेणाने बुजवलेले भोक होते, आणि आत होते छोटा मायक्रोफोन, सर्किटची चकती, निळा एलईडी आणि घड्याळात घालतात तसे बटण सेल. आवाज न करता त्या भोकावर नुसती फुंकर घातली तरी गोळा उजळत होता, कारण मायक्रोफोनचा पडदा वाऱ्यानेही हलतो. हे सारे सामान काही शे रुपयांत मिळते.

आणखी एक बाब. वस्तू खरोखर शंभर वर्षांहून जुनी असती, तर १९७२ च्या पुरावशेष व बहुमूल्य कलाकृती अधिनियमानुसार कोणत्याही खासगी व्यक्तीला ती परदेशी पाठवता आली नसती. परदेशी खरेदीदाराचे नाव निघाले, तिथेच तो सौदा बेकायदा ठरतो.

आम्ही भारतीय न्याय संहितेच्या फसवणुकीविषयीच्या कलम ३१८ खाली तक्रार दिली असून गोळा आणि करारनामा पोलिसांकडे जमा आहे. करारावरील नावे आणि पत्ते खोटे निघाले. पैसे यूपीआयने दिले असतील तर १९३० या सायबर फसवणुकीसाठीच्या मदत क्रमांकावर त्याच क्षणी कळवावे, म्हणजे रक्कम पुढच्या खात्यात वळण्याआधी गोठवली जाण्याची शक्यता राहते. आमची बरीचशी रक्कम रोख गेली. ज्यांनी या टोळीला पैसे दिले आहेत, त्यांनी लोक हसतील म्हणून गप्प न बसता आपापल्या पोलीस ठाण्यात स्वतंत्र तक्रार द्यावी आणि फोटो, फोन क्रमांक, कराराची प्रत सोबत जोडावी, कारण एकाच पद्धतीच्या अनेक तक्रारी पुढे आल्या की हा केवळ व्यवहारातला वाद आहे असे म्हणण्याची सोय टोळीला उरत नाही.