ॲडमिशन काउन्सिलिंगचा अनुभव: १२ हजार भरले आणि बायोलॉजीचे मार्क कोणी बघितलेच नाहीत

मुलीच्या इंजिनिअरिंग ॲडमिशनसाठी एका काउन्सिलिंगवाल्यांकडे गेलो होतो. नाव लिहीत नाही, पण अनुभव सांगतो कारण निकालानंतर पालक घाबरलेले असतात आणि समोरचा जे सांगेल ते खरं धरतात. फी १२ हजार, सगळी आधीच घेतली.

मुलीला बारावीला फिजिक्स ४७, केमिस्ट्री ४८, मॅथ्स ३८. बेरीज १३३, म्हणजे ३०० पैकी ४४.३३ टक्के. ओपनला ४५ लागतात, म्हणजे १३५. फक्त दोन मार्क कमी! सीईटीला पर्सेंटाइल ८१ होतं म्हणून आम्ही निर्धास्त होतो, आणि गफलत इथेच होते बघा, मेरिट सीईटीवर लागतं म्हणून बारावीकडे कोणी लक्षच देत नाही, पण तीन विषयांचे मिळून ४५ टक्के (मागासवर्गीय, ईडब्ल्यूएस आणि दिव्यांग यांना ४०) नसतील तर त्या पर्सेंटाइलचा उपयोग शून्य. सगळे विषय धरून ५५ टक्के असले तरी ते इथे चालत नाहीत.

काउन्सिलरने मार्कशीट अर्धा मिनिट बघितली असेल नसेल, म्हणाला "कॅपमध्ये (राज्याच्या केंद्रीय प्रवेश प्रक्रियेत) बसत नाही, मॅनेजमेंट कोट्यातून करू, तिथे टक्क्यांची अट नसते". हे साफ चूक आहे. कोटा कुठलाही असो, किमान मार्कांची अट तीच, आणि ती पूर्ण नसेल तर पैसे भरूनही ॲडमिशनला पुढे मान्यता मिळत नाही. हिची आई तर दोन दिवस जेवली नाही नीट, आणि मुलगी म्हणायला लागली की मी गॅप घेते, परत बसते.

शेवटी कागदपत्र तपासायच्या सुविधा केंद्रावर गेलो. तिथल्या मॅडमनी मार्कशीटवर बोट फिरवत विचारलं, "बायोलॉजी आहे ना हिला? किती? ६२?" आणि मागच्या कोऱ्या कागदावर केमिस्ट्रीचे ४८ खोडून ६२ लिहिले. ४७, ३८, ६२ म्हणजे १४७, म्हणजे ४९ टक्के. नियमात फिजिक्स आणि मॅथ्स कंपल्सरी आहेत, तिसरा विषय केमिस्ट्रीच पाहिजे असं नाही, बायोलॉजी, बायोटेक्नॉलॉजी किंवा व्होकेशनल विषयही धरतात. पाच मिनिटांचं काम, एक रुपया न घेता! मी तिथेच खुर्चीत बसून राहिलो थोडा वेळ.

त्याच काउन्सिलरने शेजारच्या मुलाला ७५ टक्के लागतात म्हणून घाबरवलं होतं. ते ७५ आयआयटी-एनआयटीसाठी (एससी, एसटीला ६५), राज्याच्या कॅपला नाही. मेडिकलचं वेगळंच, तिथे ओपनला पीसीबीत (फिजिक्स, केमिस्ट्री, बायोलॉजी मिळून) ५०. लॉला ओपनला ४५, ओबीसीला ४२, एससी-एसटीला ४०. प्रत्येक कोर्सची माहिती पुस्तिका असते, त्यातलं पात्रतेचं पान स्वतः वाचा, आणि कोणालाही फी द्यायच्या आधी मार्कशीटवरच्या सगळ्या विषयांची बेरीज वेगवेगळी करून बघा.

फी परत मागितली तर "ऑप्शन फॉर्मची (कॉलेजांच्या पसंतीक्रमाची) यादी दिली ना" म्हणाले. यादी खरंच चांगली होती, मागच्या कटऑफप्रमाणे नीट लावलेली, आम्ही तीच भरली. म्हणून दोन स्टार. मुलीला दुसऱ्या राउंडला कॉम्प्युटर नाही पण ईएनटीसी (इलेक्ट्रॉनिक्स आणि टेलिकम्युनिकेशन) मिळालं, ती खूश आहे.