गुणोत्तराचं उदाहरण: भाग पाडावेत की क्ष धरावा?

घरात शाळेच्या शिष्यवृत्ती परीक्षेची तयारी चालू असेल, तर हा पेच ओळखीचा असेल. एक शिक्षक भाग पाडायला सांगतात, दुसरे ‘क्ष मानू’ म्हणतात, आणि मूल मध्येच अडकतं.

६४० रुपये दोघांत ३ : ५ प्रमाणात वाटायचे. एकूण भाग ८, एक भाग ८० रुपयांचा. वाटे २४० आणि ४००. समीकरणाने ३क्ष + ५क्ष = ६४०. गणित तेच, नुसता क्षचा डगला चढवलेला. तरी लहान मुलाला मी भागच शिकवीन. ३ : ५ दिसलं की ६४०चे ३/५ काढायचे, ही हमखास होणारी चूक. आधी ‘एकूण ८ भाग’ लिहायची सवय लागली, की पहिल्याचा वाटा ३/८ हे समोरच असतं. बेरजेऐवजी फरक दिला, समजा ७ : ४ आणि फरक २७, तर ३ भागांचे २७. उत्तर ६३ आणि ३६, तेही तोंडी.

ही काही क्लासवाल्यांची नवी युक्ती नव्हे. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (इ.स. ११५०) तिघांनी ५१, ६८ आणि ८५ असं भांडवल घालून व्यापार केला, त्याचे ३०० झाले, कोणाला किती? ग्रंथातली रीत अशी, की प्रत्येकाच्या भांडवलाला ३००ने गुणा आणि एकूण भांडवलाने, म्हणजे २०४ने, भागा. १७ने संक्षेप दिला तर ३ : ४ : ५ असे १२ भाग, एक भाग २५चा. वाटे ७५, १००, १२५.

वयाच्या उदाहरणात मात्र थोडी कसोटी लागते. आज दोघांची वयं ३ : ५, ६ वर्षांनी २ : ३. समीकरणवाला (३क्ष + ६) : (५क्ष + ६) = २ : ३ मांडून निमूट उत्तरापर्यंत पोहोचतो. भागवाल्याला आधी सुचावं लागतं, की दोघांच्या वयांतला फरक कधीच बदलत नाही. मग २ : ३ला ४ : ६ करून घ्यायचं, म्हणजे दोन्हीकडे फरक २ भागांचा. ३चे ४ झाले, तो वाढलेला एक भाग ६ वर्षांचा; वयं १८ आणि ३०. दूध-पाण्यातही असंच: पाणी वाढवलं तरी दूध तेवढंच राहतं, त्यावरून भाग जुळवायचे.

असं कायम राहणारं काही सापडलं नाही, तर भागांचा नाद सोडावा. उत्पन्नं ५ : ३, खर्च ३ : २, शिल्लक ६००० आणि २०००. इथे उत्पन्नाचा एक भाग निघतो ६०००चा आणि खर्चाचा ८०००चा. म्हणजे दोन वेगळ्या मापांचे भाग. क्ष आणि य धरून ५क्ष – ३य = ६०००, ३क्ष – २य = २००० हाच सरळ रस्ता.

परीक्षा कोणती, हेही बघा. शिष्यवृत्तीत पर्याय असतात आणि वेळ कमी, तिथे भाग. शिवाय ३ : ५ मधल्या धाकट्याचं पूर्ण वर्षांतलं वय ३च्या पटीतच असणार, म्हणून काही पर्याय न सोडवताच बाद होतात. नववीपासून पायऱ्यांना गुण असतात; तिथे क्ष मांडूनच लिहावं आणि भागांचा उपयोग कच्च्या कामात उत्तर पडताळायला करावा.