एप्रिलचा आकडा की गुरुवारचा नकाशा?

एप्रिलच्या मध्यावर आमच्या फाट्यावरच्या हॉटेलात दरवर्षी एक आकडा येतो, यंदा सरासरीच्या किती टक्के पाऊस पडणार त्याचा. ‘यंदा 105’, ‘यंदा 96’. त्यावर कुणी उसाची लागण वाढवतं, कुणी बियाण्याच्या पिशव्या सांगून ठेवतं, कुणी नुसतंच मिशीवरून हात फिरवतं. मीही त्यातलाच होतो. आता नाही, निदान पूर्वीइतका नाही. लातूर जिल्ह्यातल्या औसा तालुक्यात माझं अकरा एकर रान आहे, सोयाबीन-तूर हेच मुख्य, आणि जानेवारीपर्यंत कशीबशी पुरणारी एक विहीर. ज्यांचं घोडं साधारण याच ठिकाणी अडलेलं आहे, हंगामाचा आणि गुरुवारचा, असे पावसाचे दोन्ही अंदाज बघतात पण पेरणीचा निर्णय कशावर टाकावा ते ठरत नाही, त्यांच्यासाठी हे लिहितोय.

दोन्ही अंदाज भारतीय हवामान खात्याचेच. एक हंगामाचा: एप्रिलच्या मध्यावर पहिला, मे संपता संपता सुधारित, आणि पुढे प्रत्येक महिनाअखेरीस पुढच्या महिन्याचा. दुसरा दर गुरुवारी येणारा, पुढच्या चार आठवड्यांचा, विस्तारित पल्ल्याचा. पहिला बातम्यांत गाजतो. दुसरा खात्याच्या संकेतस्थळावर इंग्रजी कागदांत पडून असतो आणि आपणहून उघडल्याशिवाय कुणी तो तुमच्यापर्यंत आणून देत नाही.

हंगामाच्या अंदाजाला मी कमी लेखत नाही, हे आधीच सांगतो. 1886 पासून ही परंपरा चालू आहे. खात्याचा पहिला प्रमुख असलेल्या ब्लॅनफर्ड साहेबाने हिमालयातल्या बर्फावरून पहिला अंदाज बांधला, नंतर वॉकरने पार प्रशांत महासागराच्या दोन टोकांच्या हवेच्या दाबाशी आपल्या पावसाची गाठ घालून दाखवली. आमच्या पिढीला शास्त्रज्ञ डॉ. वसंत गोवारीकरांचं 16 घटकांचं मॉडेल आठवतं. 1988 पासून वर्षानुवर्षं त्याने मान राखली, आणि 2002 ला दगा दिला: जुलैत देशभर निम्म्याच्या आसपास पाऊस, हंगाम सरासरीच्या 81 टक्क्यांवर. आता 2021 पासून अनेक मॉडेलांची सरासरी काढतात. प्रशांत महासागराचं पाणी तापवून बहुधा आपला पाऊस तोडणारा एल निनो डोकं वर काढतोय का, हिंदी महासागराची पश्चिम बाजू तापतेय का, हे त्यात येतं. एल निनोची चाल एप्रिलमध्ये नीट कळत नाही, म्हणून मेअखेरचा आकडा एप्रिलपेक्षा भरवशाचा मानावा. एप्रिलला आकड्यामागे 5 टक्के अधिक-उणे धरतात, मेमध्ये 4.

हे सगळं मान्य. मग खटकतं काय?

2016 चा एप्रिल लातूरकर विसरणार नाहीत. मिरजेहून पाण्याची रेल्वे आली ती त्याच महिन्यात, आणि साधारण त्याच दिवसांत अंदाज आला: 106 टक्के. त्याआधीची दोन वर्षं देशाचा पाऊस 88 आणि 86 टक्क्यांवर थांबलेला, घागरीसाठी रात्र-रात्र जागलेली माणसं. त्या आकड्याने गावाच्या जिवात जीव आला. मी मोंढ्यातून उधारीवर पिशव्या उचलल्या. मृगात एक जोराची सर आली, असेल इंचभर. शेजारचे आप्पा धुऱ्यावर उभे राहून म्हणाले, “थांब की जरा, ओल खाली उतरू दे.” मी म्हणालो, “आप्पा, 106 हाय औंदा. पाऊस कुठं पळून चाललाय?” चार एकर पेरून मोकळा झालो.

आठव्या दिवशी पेरलेल्या ओळीचा तास उकरला. दाणा फुगलेला, साल सुटलेली, कोंब नखाएवढा बाहेर येऊन तिथंच काळा पडलेला. वरची दोन बोटं माती उन्हाने भुगा झालेली, आणि खाली ओल मुळात पोचलीच नव्हती. दुबार पेरणी केली ती आर्द्राचा पाऊस बघून.

आता यातली खरी चीड अशी की आकडा आमच्यापुरता खोटा ठरलाच नाही. देशात 97 टक्के झाला, म्हणजे सांगितल्यापेक्षा कमीच. पण आमच्याकडे सप्टेंबरात असा कोसळला की वर्षाचा हिशेब चांगला सरासरीच्या वर गेला. पाऊस झाला, धरणात पाणी आलं, आणि माझं चार एकराचं बियाणं मातीत कुजलं. अंदाज चुकला असता तर निदान शिव्या द्यायला जागा होती.

माझ्यापुरता निकाल तिथंच लागला. चार महिन्यांची बेरीज सांगणारा अंदाज पावसातल्या खंडाबद्दल बोलत नाही, आणि आमचं पीक बेरजेवर जगत नाही, खंडावर मरतं. पेरणीनंतर दहा दिवस उघडीप पडली तर एक मरण, फुलोऱ्यात वीस दिवस पडली तर दुसरं. त्यात हा आकडा देशाचा. 96 ते 104 टक्के म्हणजे ‘सरासरीइतका’, पण कुणाची सरासरी? देशाची, 87 सेंटिमीटरची. मेमध्ये विभागवार आकडे येतात, तर आम्ही ‘मध्य भारत’ या टोपलीत. त्याच टोपलीत कोकण, गुजरात आणि थेट ओडिशा. कोकणातल्या सावंतवाडीचा पाऊस आणि बीडकडच्या कोरड्या आष्टी-पाटोद्याचा पाऊस एका मापात ओतला की जी सरासरी निघते ती दोघांच्याही कामाची नसते. सोबत नकाशाही देतात, त्यात कुठं जास्त पावसाची शक्यता, कुठं कमी, ते रंगवलेलं असतं. पण नकाशात पांढरा भागही असतो. पांढरा म्हणजे ‘सरासरीइतका’ असं आमच्या हॉटेलात समजतात. त्याचा खरा अर्थ असा की जास्त, मध्यम, कमी, तिन्ही शक्यता सारख्याच. मॉडेलला कुठलीच बाजू दिसत नाही. हे कळायला मलाही बरीच वर्षं लागली.

गुरुवारच्या नकाशात मात्र मराठवाडा मराठवाडा म्हणून दिसतो. हवामान खात्याने देशाचे 36 उपविभाग पाडलेत, त्यातला आपला एक. आठवडा शुक्रवार ते गुरुवार. तपकिरी म्हणजे सरासरीहून कमी, हिरवा-निळा म्हणजे जास्त. पावसाचे जोराचे आणि उघडिपीचे टप्पे विषुववृत्तावरून पूर्वेकडे सरकणाऱ्या ढगांच्या मोठ्या लाटेशी बांधलेले असतात, साधारण 30 ते 60 दिवसांत तिची एक फेरी होते, आणि ही लाट कुठं आहे हे दोन आठवडे आधी बऱ्यापैकी कळतं. म्हणून पहिले दोन आठवडे मी मानतो. तिसऱ्याकडे बघतो. चौथ्याकडे बघून न बघितल्यासारखं करतो.

2023 चं उदाहरण देतो, कारण तिथं दोन्ही शेजारी ठेवून बघता आले. हंगामाचा आकडा 96 टक्के, शेवटी झाला 94. म्हणजे कागदावर अंदाज जवळजवळ बरोबरच. पण ऑगस्ट? 1901 पासूनचा सगळ्यांत कोरडा ऑगस्ट. 31 जुलैला महिन्याचा अंदाज आला तोही ‘ऑगस्ट कमी’ असाच होता, ते श्रेय द्यायलाच हवं. पण कमी म्हणजे कधी कमी, पहिल्या पंधरवड्यात की दुसऱ्या, ते मी गुरुवारी शोधलं. दोन आठवडे सलग तपकिरी. सोयाबीन फुलात येत होतं. एरवी मी ‘अजून चार दिवस वाट बघू’ म्हणत विहिरीचं पाणी राखून ठेवलं असतं, तूर आणि हरभऱ्यासाठी. त्या वेळी राखलं नाही. भेगा पडायच्या आत एक कोळपणी उरकली आणि फुलोऱ्यात रात्रीच्या विजेवर तुषारचं एक पाणी दिलं, पाच एकराला. उरलेल्या रानाला पाणी पुरलं नाही. शेंगांत दाणा भरला तो त्या पाच एकरात. बाकीच्या रानात शेंगा चापट्याच राहिल्या. मोजमाप म्हणाल तर एवढंच, वजनकाट्याची पावती असती तर लावली असती.

आप्पांना विहीर नाही. त्यांना मी नकाशा दाखवला तर म्हणाले, “कळून काय करू? आभाळाला पाईप लावू?” त्यांचं बरोबर आहे. कोरडवाहू माणसाला खंडाची वर्दी पेरणीच्या वेळीच उपयोगी, नंतर ती नुसती काळजी वाढवते. त्यांच्यासाठी हंगामाचा अंदाज कदाचित जास्त कामाचा: एल निनोचं वर्ष दिसत असेल तर सगळं रान सोयाबीनखाली न घालता तुरीच्या ओळी वाढवणं, बदनापूरची 711 सारखी लवकर येणारी तूर घेणं, रुंद वरंबा-सरीवर पेरणं. हे निर्णय मेमध्येच घ्यावे लागतात, तेव्हा गुरुवारच्या नकाशाचा उपयोग नाही. ऊस लावायचा की नाही हेही तसंच. त्यामुळे पहिला अंदाज फेकून द्या असं मी म्हणत नाही. बियाणं त्यावर घ्यावं; पिशवी फोडायची वेळ मात्र त्याला विचारू नये.

गुरुवारच्या नकाशाचे दोष मला पाठ आहेत. एकदा तिसऱ्या आठवड्याचा हिरवा रंग पुढच्या गुरुवारी पिवळसर झाला आणि त्यानंतर तपकिरी. मी खत टाकून बसलेलो. दुसरं, रंग टक्क्यांवर ठरतो, मिलिमीटरवर नाही. जूनच्या पहिल्या आठवड्याची आमची सरासरीच इतकी थोडी की एक बरी सर झाली तरी नकाशा हिरवागार. त्या हिरव्यावर पेरणारा माणूस म्हणजे 2016 चा मी. मे 2025 मध्येही तसंच झालं. मान्सून केरळात 24 मेलाच उतरला, दोन दिवसांत मुंबईत, रोहिणीतच ओढे वाहिले. कृषी खात्याने घाई करू नका म्हणून सांगितलं, तरी आमच्या शिवारात तिफणी निघाल्या आणि पुढे पाऊस रुसून बसला. तिसरं, अतिवृष्टीपुढे हा नकाशाही थिटाच. त्याच वर्षी सप्टेंबरात मांजरा-तेरणेच्या काठची रानं खरवडून गेली. हिरवा रंग किती पाणी आणणार ते सांगत नाही. उलट 31 ऑगस्टच्या महिन्याच्या अंदाजाने सप्टेंबर 109 टक्क्यांहून वर जाईल असं म्हटलं होतं. तो गुण हंगामी पंगतीतल्याच अंदाजाचा.

पंचांगातलं वाहन, कोल्हा की म्हैस, मी आजही वाचतो, पण गंमत म्हणून. नक्षत्रं मात्र दिनदर्शिका म्हणून सोडलेली नाहीत. पुनर्वसू संपलं की सोयाबीन पेरायचं नाही, हे कुठल्याही मॉडेलशिवाय कळतं. मोबाईलवर फिरणाऱ्या ‘अमुक तारखेला अमुक गावात’ छाप अंदाजांबद्दल एवढंच म्हणेन की ते तारखेनिशी बोलतात आणि तारीख उलटली की आठवण ठेवत नाहीत.

सध्या माझं असं चालतं. मेअखेरीचा अंदाज वाचून वाण आणि तुरीचं प्रमाण ठरवतो. गोणपाटात शंभर दाणे गुंडाळून उगवण बघून ठेवतो. शेतातल्या आखाड्यावर (खोपीजवळ) पत्र्यापासून लांब एक साधं पर्जन्यमापक ठोकलंय, त्याचं रोज सकाळचं माप शाळेच्या जुन्या वहीत. परभणीच्या विद्यापीठाचा सल्ला 75 ते 100 मिलिमीटर झाल्याशिवाय पेरू नका असा आहे, तो आकडा वहीच्या पुठ्ठ्यावरच लिहिलाय. बेरीज तिथपर्यंत गेली आणि गुरुवारच्या पहिल्या दोन आठवड्यांत तपकिरी नसलं, तर पिशवी फोडायची. विद्यापीठाचा मंगळवार-शुक्रवारचा कृषी हवामान सल्ला फवारणीच्या वेळी बघतो, तो वेगळा विषय.

गेल्या जूनमध्ये वहीत 61 झाले होते. दुकानदाराचा दोनदा फोन, गावातली निम्मी रानं पेरून झालेली, बायको म्हणाली, “सगळे वेडे आणि तुम्ही तेवढे शहाणे का?” गुरुवार होता. मुलाने नकाशा उघडला, पुढचा आठवडा तपकिरी. आप्पा आले, नकाशाकडे न बघता त्यांनी वही ओढली, आकडा वाचला आणि औताचं जू सोडायला गेले.