कुचिसाके-ओन्ना (2007): मास्कच्या आडची भीती

कुचिसाके-ओन्ना म्हणजे फाटक्या तोंडाची बाई. 1979 च्या सुमारास जपानभर शाळकरी पोरांत पसरलेली ही अफवा; त्यावरचाच हा जपानी भयपट. तोंडावर मास्क लावलेली बाई वाटेत अडवून विचारते, "मी सुंदर आहे का?" हो म्हणालात की मास्क उतरतो, कानापर्यंत फाटलेलं तोंड दिसतं आणि प्रश्न पुन्हा येतो, "आता?" सुटकेचे तोडगेही पोरांनीच काढले: 'पोमेड' (केसांना लावायचं मलम) म्हणायचं, नाहीतर खायच्या गोड गोळ्या फेकून पळायचं.

दिग्दर्शक कोजी शिराइशी हे तोडगे बाजूला ठेवतात आणि आईच्या हातून मार खाणाऱ्या मुलांकडे वळतात. खरा चित्रपट तिथेच आहे. एखादी साधी गृहिणी खोकू लागते, म्हणजे ती बाई तिच्या अंगात शिरू लागते, आणि पुढची काही सेकंद आपण तिच्या तोंडाकडेच बघत राहतो. लांब कात्रीपेक्षा तो खोकला जास्त छळतो.

गडबड होते ती मेकअपमध्ये. फाटलेलं तोंड भरपूर उजेडात, वारंवार दाखवलंय; तिसऱ्यांदा ते रबर वाटतं. मधली शोधाशोधही लांबलीय. शिराइशींची खरी पकड बघायची तर त्यांचा माहितीपटाच्या धाटणीचा 'नोरोई' (2005) आधी लावा. मारहाणीची दृश्यं बोचरी आहेत, लहान मुलांसोबत हा बघू नका.